मुलांच्या दूरचित्रवाणीत निर्माता आणि पुढे वाहिनीप्रमुख कसे व्हावे

मुलांसाठी दूरचित्रवाणीचे कार्यक्रम करण्याच्या व्यवसायात एक मूळची अडचण आहे आणि ती आधीच समजून घेतलेली बरी. कार्यक्रम पाहणारे मूल चार वर्षांचे किंवा नऊ वर्षांचे असते, पण त्या कार्यक्रमाला पैसे देणारी वाहिनी, तो मंजूर करणारा अधिकारी, त्यावर परीक्षण लिहिणारा पत्रकार, त्यातले खेळणे विकत घेणारे पालक आणि त्यासाठी नियम करणारे सरकार हे सगळे मोठ्यांचे जग असते. प्रेक्षकाला कोणी मत विचारत नाही, आणि विचारले तरी त्याला ते नेमक्या शब्दांत सांगता येत नाही. शिवाय निर्माता जसजसा वरच्या पदावर जातो, तसतसे त्याचे दिवस मुलांऐवजी मोठ्यांच्या बैठकांत जाऊ लागतात. म्हणून पहिल्या नोकरीपासून वाहिनीच्या प्रमुखपदापर्यंतची वाट येथे सांगताना, त्या वाटेवर मूल नजरेआड होऊ नये यासाठी प्रत्येक टप्प्यावर काय करावे लागते, यावरच अधिक भर दिला आहे.

पाहणाऱ्याकडे पाहण्याची सवय

पदवी, अभ्यासक्रम आणि ओळखी यांच्याही आधी कार्यक्रम पाहणाऱ्या मुलाकडे पाहण्याची सवय लावून घ्यावी. पालकांची परवानगी घेऊन चार-पाच मुलांसोबत बसावे, एखादा कार्यक्रम लावावा आणि आपली खुर्ची पडद्याकडे पाठ करून मुलांच्या चेहऱ्यांकडे वळवावी. कागदावर दर अर्ध्या मिनिटासाठी एक ओळ आखून घ्यावी आणि त्या वेळी मूल पडद्याकडे पाहत होते का, पडद्याशी बोलले का, शेजारच्या मुलाला काही दाखवले का, की उठून गेले, एवढेच लिहावे. मग तो कागद कार्यक्रमाच्या संहितेशेजारी ठेवून वाचावा. मुलांची नजर जिथे सुटली ती जागा पुष्कळदा लेखकाला मनापासून आवडलेल्या एखाद्या लांब संवादाचीच निघते, आणि असे एकदा आपल्या डोळ्यांनी पाहिले की संहिता वाचण्याची आपली रीत कायमची बदलते.

या पद्धतीला मोठी परंपरा आहे. 'सेसमी स्ट्रीट' ही मालिका १० नोव्हेंबर १९६९ रोजी अमेरिकेत सुरू झाली, त्याआधीच तिच्या संशोधन विभागाचे प्रमुख एडवर्ड पामर यांनी एक साधा प्रयोग बसवला होता. दूरचित्रवाणी संचाच्या बाजूला दुसऱ्या पडद्यावर दर साडेसात सेकंदांनी बदलणारी स्लाइड दाखवायची आणि मुलाची नजर कार्यक्रमावरून त्या स्लाइडकडे केव्हा वळते ते नोंदवायचे, असा तो प्रयोग होता. जुलै १९६९ मध्ये फिलाडेल्फियात मालिकेचे चाचणी भाग मुलांना दाखवले गेले, तेव्हा बाहुल्या असलेल्या प्रसंगांकडे मुले लक्ष देत होती, पण रस्त्यावरच्या, फक्त माणसे असलेल्या प्रसंगांत त्यांची नजर भरकटत होती. माणसे आणि बाहुल्या एकाच प्रसंगात आणू नयेत, त्याने मुलांचा गोंधळ होईल, असा तज्ज्ञांचा सल्ला होता आणि तोवर तो पाळलाही गेला होता. चाचणीनंतर निर्मात्यांनी तो बाजूला ठेवला, रस्त्यावरचे प्रसंग पुन्हा चित्रित केले आणि बाहुलीकार जिम हेन्सन यांच्या बिग बर्ड व ऑस्कर या बाहुली-पात्रांना माणसांमध्ये आणून बसवले. प्रक्षेपणाला चार महिने उरलेले असताना हाती आलेले काम पुन्हा करायला घेणे ही कोणत्याही निर्मात्याच्या धैर्याची परीक्षाच असते. तसे करता यावे म्हणून वेळ आणि पैसा आधीच राखून ठेवावा लागतो, आणि नवा निर्माता नेमके हेच विसरतो.

मुलांना 'आवडले का?' असे विचारू नये. समोरच्या मोठ्या माणसाला बरे वाटावे म्हणून ती होच म्हणतात. त्याऐवजी गोष्ट स्वतःच्या शब्दांत सांगायला लावावी, किंवा दुसऱ्या दिवशी ती मुले त्या पात्रांचा खेळ खेळतात का ते पाहावे. 'ब्लूज क्लूज' ही मालिका १९९६ मध्ये सुरू झाली, तेव्हा तिचा प्रत्येक भाग तयार होताना वेगवेगळ्या टप्प्यांवर तीन वेळा शाळापूर्व वयाच्या मुलांपुढे तपासला जात असे. एकच भाग सलग पाच दिवस दाखवण्याचा निर्णय वाहिनीतल्या मोठ्यांना विचित्र वाटावा असाच होता, परंतु मुले रोज त्याच भागात नवे काही शोधतात आणि पाचव्या दिवशी उत्तरे आपणच आधी सांगतात, ही गोष्ट संशोधनातून पुढे आली होती.

शिरकाव कसा करावा

या क्षेत्रात येणाऱ्या सगळ्यांची वाट एकसारखी नसते. ॲन वूड आणि जेराल्डिन लेबॉर्न या दोघी पूर्वी शिक्षिका होत्या. वूड यांनी १९८४ मध्ये ब्रिटनमध्ये रॅगडॉल ही निर्मितीसंस्था काढली, तर लेबॉर्न १९८० मध्ये निकलोडियन या अमेरिकी वाहिनीत आल्या आणि १९८४ मध्ये त्यांनी तिची सूत्रे हाती घेतली. 'सेसमी स्ट्रीट'मागची संस्था उभारणाऱ्या जोन गँझ कूनी यांनी शिक्षणशास्त्राची पदवी घेतली होती खरी, पण काम मात्र वार्ताहराचे, प्रसिद्धीचे आणि माहितीपटांच्या निर्मितीचे केले होते. अमेरिकेत लहान मुलांचा कार्यक्रम स्वतः लिहून सादर करणारे फ्रेड रॉजर्स संगीत शिकून दूरचित्रवाणीत आले होते. यावरून एवढे लक्षात घ्यावे की मुलांशी प्रत्यक्ष काम केल्याचा अनुभव आणि निर्मितीतले एखादे हातचे कौशल्य या दोहोंपैकी एक घेऊन आत यावे आणि दुसरे नोकरीत असताना शिकावे. दोन्ही पूर्ण झाल्याशिवाय अर्जच करायचा नाही असे ठरवले, तर वर्षे वाया जातात.

सुरुवातीच्या पदांत प्रॉडक्शन असिस्टंट, रिसर्चर, संहिता समन्वयक आणि ॲनिमेशन संस्थेतला निर्मिती समन्वयक ही पदे सहज मिळण्यासारखी असतात. निवड करता आली तर संहिता समन्वयकाचे काम घ्यावे, असे माझे स्पष्ट मत आहे. संहितेचा प्रत्येक मसुदा, वाहिनीकडून आलेली प्रत्येक सूचना आणि त्यावर लेखकाने केलेला प्रत्येक बदल या माणसाच्या टेबलावरून जातो, त्यामुळे एखादी चांगली गोष्ट आठव्या मसुद्यात कशी निर्जीव होते आणि एखादी सामान्य गोष्ट तिसऱ्या मसुद्यात कशी उभी राहते, हे त्याला वर्षभरात दिसते. त्यानंतर संकलनाच्या खोलीत काही महिने बसायला मिळाले तर ते सोडू नये. अर्धे सेकंद लवकर कापलेला शॉट मोठ्यांना चपळ वाटतो, पण लहान मुलाला त्यात काय घडले तेच कळलेले नसते, ही जाण संकलकाच्या शेजारी बसूनच येते.

प्रेक्षकांची पत्रे हाताळण्याचे काम कमी प्रतीचे मानले जाते, तरीही ते अवश्य मागून घ्यावे. बीबीसीवर १६ ऑक्टोबर १९५८ रोजी सुरू झालेल्या 'ब्लू पीटर' या कार्यक्रमाच्या संपादक बिडी बॅक्स्टर यांनी लहानपणी एका प्रसिद्ध लेखिकेला पत्र लिहिले होते आणि त्याचे उत्तर आल्यावर पुन्हा पत्र पाठवले, तर दुसऱ्या खेपेलाही अक्षरशः तेच उत्तर आले होते. ती निराशा त्या विसरल्या नाहीत. कार्यक्रमाची जबाबदारी आल्यावर त्यांनी पत्र लिहिणाऱ्या मुलांची कार्डे ठेवण्याची व्यवस्था केली, म्हणजे मुलाने पुन्हा लिहिले तर त्याच्या मागच्या पत्राची आठवण ठेवून उत्तर जाईल. मुलांनी पत्रातून सुचवलेल्या कल्पना कार्यक्रमात घेतल्या जात आणि त्यांना बिल्ला पाठवला जाई. आज पत्रांची जागा संदेशांनी घेतली असली, तरी मुलाने नेमके काय विचारले आहे ते वाचून, त्याच्या वयाला कळेल असे उत्तर लिहिण्याइतका निर्मात्याच्या भाषेचा दुसरा सराव नाही.

वय ठरवणे आणि प्रस्ताव लिहिणे

'मुलांसाठी' असा प्रस्ताव कोणतीही वाहिनी गंभीरपणे वाचत नाही. दोन ते पाच, सहा ते नऊ आणि नऊ ते बारा हे तीन वयोगट जवळजवळ तीन वेगळे प्रेक्षक असतात, आणि मुले आपल्यापेक्षा थोड्या मोठ्या मुलांच्या गोष्टी आनंदाने पाहतात, लहानांच्या मात्र टाळतात, हे लक्षात घेऊन मुख्य पात्राचे वय ठरवावे. सर्वांत लहान गटासाठी लिहिताना पुनरावृत्तीची भीती बाळगू नये. वूड आणि अँड्र्यू डेव्हनपोर्ट यांची 'टेलिटबीज' ही मालिका ३१ मार्च १९९७ रोजी सुरू झाली, तेव्हा तिच्यातले बोबडे बोल ऐकून मुलांची भाषा बिघडेल अशी टीका झाली आणि तीच चित्रफीत एका भागात दोनदा दाखवतात म्हणून मोठी माणसे वैतागली. चित्रफीत दुसऱ्यांदा सुरू होताच पुढे काय येणार हे आपल्याला ठाऊक आहे, या आनंदाने मुले खिळून बसत. मालिका पुढे शंभराहून अधिक देशांत दाखवली गेली.

प्रस्तावाच्या मुख्य दस्तऐवजाला या व्यवसायात मालिकेचे 'बायबल' म्हणतात. त्यात मालिकेचा गाभा एका परिच्छेदात, पात्रांची ओळख, त्यांच्या जगाचे नियम, भागाची ठरलेली चौकट, दहा-पंधरा भागांच्या गोष्टी आणि एक पूर्ण संहिता असावी. पात्रांची वर्णने विशेषणांनी भरू नयेत. 'खोडकर पण प्रेमळ' असे लिहिल्याने काहीच कळत नाही, पण 'हरवलेली वस्तू सापडली की ती परत करण्याआधी एक दिवस स्वतःजवळ ठेवतो' असे लिहिले की लेखकाला त्यातून पाच गोष्टी सुचतात. संहितेतली पात्रांची नावे झाकून संवाद मोठ्याने वाचावेत आणि कोण बोलते आहे ते ओळखू येते का, ते पाहावे. ओळखू येत नसेल तर प्रस्ताव अजून पाठवण्याजोगा झालेला नाही.

लांबीचेही संकेत आहेत. शाळापूर्व वयासाठी पाच, सात किंवा अकरा मिनिटांचे भाग होतात आणि मोठ्या मुलांसाठी अकरा किंवा बावीस मिनिटांचे. अकरा मिनिटांचे बावन्न भाग हा ॲनिमेशनमधला अगदी रुळलेला आकार आहे, कारण आठवड्यातून पाच दिवस एकेक भाग दाखवला तर तो साठा दहा आठवड्यांहून थोडा अधिक पुरतो आणि मग पुन्हा पहिल्यापासून दाखवता येतो. असा संच पूर्ण व्हायला दीड-दोन वर्षे सहज लागतात, तेव्हा एखाद्या वर्षीच्या लाटेवर बेतलेली कल्पना घेऊन निघू नये.

शैक्षणिक सल्लागार केव्हा घ्यावा, हा प्रश्न निर्माते नेहमी चुकीच्या क्रमाने सोडवतात. संहिता पुऱ्या झाल्यावर शिक्क्यापुरता तज्ज्ञ आणला, तर तो फक्त वाक्ये खोडतो आणि लेखक त्याच्यावर रुसतात. 'सेसमी स्ट्रीट'च्या तयारीत हार्वर्ड विद्यापीठाचे जेराल्ड लेसर यांनी १९६८ च्या उन्हाळ्यात चर्चासत्रांची मालिका घेतली होती. त्यात मानसशास्त्रज्ञ, शिक्षक, लेखक, चित्रकार आणि निर्माते एका टेबलाभोवती बसून मुलाला काय शिकवायचे ते संहितेच्या आधी ठरवत होते. फ्रेड रॉजर्स तर बालमानसतज्ज्ञ मार्गारेट मॅकफार्लंड यांना वर्षानुवर्षे नियमित भेटत आणि मुलांशी बोलायच्या प्रत्येक विषयावर त्यांच्याशी चर्चा करून लिहीत. आपल्या मालिकेचे उद्दिष्ट अक्षरओळख नसून निव्वळ हसवणे असले, तरी त्या वयाच्या मुलाला उपरोध केव्हा कळतो आणि स्वप्नदृश्य व खरे दृश्य यांतला फरक केव्हा कळतो, हे सांगणारा माणूस पहिल्या दिवसापासून सोबत असावा.

पैसा आणि हक्क

मुलांच्या मालिकेचा पूर्ण खर्च एकच वाहिनी उचलते, असे क्वचितच घडते. देशातल्या वाहिनीचे परवाना शुल्क, परदेशी वाहिन्यांना आगाऊ विकलेले हक्क, दुसऱ्या देशातल्या संस्थेशी सहनिर्मिती, वितरकाकडून मिळालेली आगाऊ रक्कम आणि काही देशांतली सरकारी अनुदाने किंवा करसवलती असे तुकडे जोडून अंदाजपत्रक भरावे लागते. प्रत्येक तुकड्याबरोबर पैसे देणाऱ्याची एक मागणी येते. कोणाला पात्र बदलून हवे असते, कोणाला लेखक आपल्या देशातला हवा असतो. म्हणून मालिकेत काय बदलता येईल आणि काय कदापि बदलता येणार नाही याची यादी वाटाघाटींना बसण्याआधी लिहून ठेवावी. वाटाघाटींच्या तिसऱ्या दिवशी थकलेल्या मनाने ती यादी करता येत नाही.

हक्कांचे कलम वकिलावर सोपवून मोकळे होऊ नये, ते निर्मात्याने स्वतः ओळ न् ओळ वाचावे. प्रक्षेपणाचे हक्क, इंटरनेटवर दाखवण्याचे हक्क, खेळणी व पुस्तके काढण्याचे हक्क, इतर भाषांतल्या आवृत्तीचे हक्क आणि पात्रांवरून पुढे नवी मालिका करण्याचे हक्क हे सगळे वेगवेगळे असतात आणि त्यांची मुदत व प्रदेशही वेगवेगळे ठरवता येतात. मुलांच्या मालिकेत खरी किंमत पुष्कळदा प्रक्षेपणात नसून पात्रांत असते. 'पेपा पिग' ही पाच मिनिटांच्या भागांची मालिका २००४ मध्ये सुरू झाली आणि २०१५ मध्ये ती करणाऱ्या छोट्या संस्थेतला सत्तर टक्के वाटा एका मोठ्या कंपनीने १४ कोटी पौंडांना घेतला. एवढी किंमत त्या संस्थेच्या मालकांना मिळाली, कारण पात्रांच्या मालकीतला मोठा वाटा तोवर त्यांनी आपल्याकडे ठेवला होता. पहिल्या मालिकेच्या वेळी निर्मात्याच्या हाती फारसे बळ नसते हे खरे, पण सगळे हक्क एकरकमी देण्याऐवजी ठराविक वर्षांनी ते परत येतील एवढे तरी कलम मागावे, आणि ते मिळत नसेल तर निदान उत्पन्नातला वाटा कोणत्या रकमेवर मोजायचा याची व्याख्या लिहून घ्यावी.

खेळणी हातात आल्यावरच मालिका सुचते, असा उलटा प्रवास या व्यवसायाने पाहिलेला आहे. अमेरिकेत १९८४ मध्ये मुलांच्या कार्यक्रमांतल्या जाहिरातींवरची बंधने सैल झाली आणि त्या काळात खेळण्यांभोवती रचलेल्या मालिकांचे पीक आले. १९६८ मध्ये पेगी चॅरन यांनी स्थापन केलेल्या पालकांच्या संघटनेने याविरुद्ध दीर्घ लढा दिला आणि १९९० मध्ये मुलांच्या दूरचित्रवाणीचा कायदा झाला. त्याने जाहिराती आठवड्याच्या शेवटच्या दोन दिवशी तासाला साडेदहा आणि इतर दिवशी बारा मिनिटांपुरत्या मर्यादित केल्या. स्वीडनने तर १९९१ पासून बारा वर्षांखालील मुलांना उद्देशून केलेल्या दूरचित्रवाणी जाहिरातींवर बंदीच घातली. इंटरनेटवरही बंधने आली आहेत. तेरा वर्षांखालील मुलांची माहिती पालकांच्या संमतीशिवाय गोळा करण्यास मनाई करणारा अमेरिकी कायदा १९९८ चा आहे, आणि त्याच्या भंगाच्या आरोपावरून २०१९ मध्ये यूट्यूब व गूगल यांनी १७ कोटी डॉलर भरले. त्यानंतर मुलांच्या चित्रफितींवर व्यक्तीनुरूप जाहिराती दाखवणे थांबले आणि केवळ त्या उत्पन्नावर अंदाजपत्रक बांधणाऱ्या निर्मात्यांचे गणित विस्कटले. उत्पन्नाचा कोणताही एक स्रोत नियमाच्या एका बदलाने आटू शकतो, हे धरूनच मालिकेचा जमाखर्च मांडावा.

चित्रीकरणाच्या दिवसांत

बालकलाकार असतील तर दिवसाचे वेळापत्रक त्यांच्या भोवती आखावे. त्यांच्या कामाचे तास, शिक्षण, विश्रांती आणि सोबत असणारे पालक यांविषयी जिथे चित्रीकरण होते तिथला कायदा पाळावाच, पण कायदा अपुरा वाटला तर आपला नियम त्याहून कडक ठेवावा. मूकपटांच्या काळातला बालकलाकार जॅकी कूगन याची कमाई त्याच्या आईने आणि सावत्र वडिलांनी खर्च करून टाकल्यावर कॅलिफोर्नियात १९३९ मध्ये कायदा झाला, आणि आज तिथे बालकलाकाराच्या कमाईतला पंधरा टक्के भाग त्याच्या नावे वेगळा ठेवावा लागतो. असा कायदा नसलेल्या ठिकाणीही करारात ही तरतूद घालता येते आणि ती घालावी.

लखलखाटाची दृश्ये तपासून घेतल्याशिवाय प्रक्षेपणाला देऊ नयेत. १६ डिसेंबर १९९७ रोजी जपानमध्ये 'पोकेमॉन'च्या एका भागात लाल आणि निळा प्रकाश वेगाने आलटूनपालटून चमकला आणि सुमारे ६८५ मुलांना रुग्णालयात न्यावे लागले. सेकंदाला तीनपेक्षा अधिक लखलखाट नसावेत हा दंडक आज बहुतेक प्रसारक पाळतात आणि त्यासाठी तपासणीची यंत्रणाही उपलब्ध आहे.

संवाद, संगीत आणि ध्वनिपरिणाम यांचे ट्रॅक पहिल्यापासून वेगळे ठेवावेत, नाहीतर इतर भाषांत डबिंग करताना सगळे संगीत नव्याने करावे लागते. चित्रांत लिहिलेली अक्षरेही वेगळ्या थरावर ठेवावीत.

निर्मात्याकडून अधिकारपदाकडे

निर्माता एका मालिकेला हो म्हणवून घेण्यासाठी धडपडत असतो, तर वाहिनीचा अधिकारी दिवसभर बहुतेकांना नाही म्हणत असतो. या बदलाची तयारी न करता पद स्वीकारणारे चांगले निर्माते पहिल्या वर्षात गोंधळतात. आलेल्या प्रत्येक संहितेत स्वतःची मालिका दिसू लागते, सूचना वाढत जातात आणि शेवटी सगळ्या मालिका एकाच माणसाने लिहिल्यासारख्या दिसू लागतात. अधिकाऱ्याने सूचना देताना अडचण सांगावी, तोडगा लेखकावर सोपवावा. 'इथे मुलगी का रागावली ते मला कळले नाही' ही उपयोगी सूचना आहे, पण 'इथे तिला रडताना दाखवा' ही लेखकाच्या कामात केलेली ढवळाढवळ होते. नकारही लवकर आणि कारणासह द्यावा. सहा महिने थांबवून दिलेला मोघम नकार छोट्या संस्थेला बुडवू शकतो.

लेबॉर्न यांचे उदाहरण या बाबतीत अभ्यासण्यासारखे आहे. मुलांशी बोलून त्यांनी वाहिनीची ओळख ठरवली, आणि स्वतःचे ॲनिमेशन करण्याची वेळ आली तेव्हा प्रसिद्ध खेळण्यांवर बेतलेल्या मालिका न घेता चित्रकारांनी स्वतः निर्माण केलेल्या पात्रांचे छोटे नमुना भाग करून घेतले. त्यांतून निवडलेल्या तीन मालिका ११ ऑगस्ट १९९१ रोजी एकाच दिवशी सुरू झाल्या. संपूर्ण मालिकेला पैसे देण्याआधी अनेक छोट्या नमुन्यांवर थोडा थोडा खर्च करण्याची ही रीत नव्या अधिकाऱ्याने जरूर उचलावी, कारण तिच्यामुळे अपयश स्वस्त होते आणि अनोळखी माणसांना संधी देता येते.

वेळापत्रक आखताना दर दोन-तीन वर्षांनी एका वयोगटाची मुले मोठी होऊन निघून जातात आणि नवी येतात, हे ध्यानात ठेवावे. त्यामुळे चांगली जुनी मालिका नव्या प्रेक्षकांसाठी पुन्हा नवी ठरते आणि तिचा ताशी खर्च दर प्रक्षेपणागणिक घटत जातो. जुन्या संग्रहातून वाचलेले पैसे जोखमीच्या नव्या कामावर लावता येतात. मोजणीचे आकडे रोज येतात आणि ते वाचावेतच, पण एखादे मूल भाग पूर्ण पाहते एवढेच त्यांतून कळते. ते खिळून बसले आहे की पुढचा भाग आपोआप सुरू झाला म्हणून पाहत राहिले आहे, हे आकड्यांना सांगता येत नाही. त्यासाठी खोलीत मुलांसमोर बसावेच लागते, आणि माझ्या मते महिन्यातून दोन सकाळी त्यासाठी राखून ठेवणे हा प्रमुखाच्या कामाचा भाग मानावा. म्युनिक येथे १९६४ पासून भरणारा प्री जुनेस महोत्सवही चुकवू नये, कारण तिथे जगभरचे निर्माते एकमेकांचे कार्यक्रम पाहून त्यांवर मोकळेपणाने चर्चा करतात आणि खरेदीविक्रीच्या बाजारांत न दिसणारे काम तिथे पाहायला मिळते.

दुसऱ्या देशासाठी मालिकेची आवृत्ती काढताना अधिकाऱ्याने मूळ चौकट ठरवून द्यावी आणि आशय स्थानिक चमूच्या हाती सोपवावा. 'सेसमी स्ट्रीट'च्या दक्षिण आफ्रिकेतल्या आवृत्तीत २००२ मध्ये कामी नावाची एचआयव्हीबाधित बाहुली आली. तिथल्या मुलांच्या आयुष्यात तो आजार रोजचा होता आणि त्याविषयी त्यांच्याशी कोणी बोलत नव्हते, हे तिथल्या लोकांनाच ठाऊक होते.

या पदावरच्या माणसाला कधीतरी सत्तेपुढे उभे राहून मुलांच्या वतीने पैसे मागावे लागतात. १ मे १९६९ रोजी फ्रेड रॉजर्स अमेरिकी सिनेटच्या उपसमितीपुढे बसले, तेव्हा सार्वजनिक दूरचित्रवाणीचा दोन कोटी डॉलरचा निधी पणाला लागला होता. त्यांनी आकडेवारीचा ढीग न मांडता, राग आला असता काय करावे हे मुलांना सांगणाऱ्या आपल्या एका गाण्याचे शब्द शांतपणे म्हणून दाखवले, आणि सुरुवातीला रुक्षपणे बोलणारे अध्यक्ष जॉन पास्टोरे शेवटी दोन कोटी तुम्ही मिळवलेच असे दिसते, अशा अर्थाचे बोलले. सगळे मिळून जेमतेम सहा-सात मिनिटे लागली. अशा प्रसंगासाठी आपल्या कार्यक्रमातले एक मिनिट नेहमी तयार ठेवावे, जे दाखवले की मुलासाठी आपण काय करतो ते ऐकणाऱ्याला लगेच कळेल.

कूनी यांचे नाव नव्या संस्थेच्या प्रमुखपदासाठी पुढे आले, तेव्हा मोठी संस्था चालवण्याचा अनुभव नाही आणि त्या स्त्री आहेत या कारणांनी त्यांच्याविषयी शंका घेतली गेली होती. त्यांनी ते पद घेतले आणि १९९० पर्यंत सांभाळले. इतका काळ टिकणाऱ्या संस्थेत प्रमुख बदलला तरी काम चालू राहावे, याची व्यवस्था हळूहळू करावी लागते. कोणती मालिका का घेतली, कोणती का नाकारली, कोणत्या हक्कांची मुदत केव्हा संपते, कोणत्या लेखकाला दुसरी संधी द्यायची ठरली होती, हे सगळे लिहून ठेवावे. पद सोडण्याच्या किमान सहा महिने आधी नव्या प्रमुखाला मुलांसोबतच्या चाचण्यांना घेऊन जावे, त्याच्या हाती अर्ध्या मिनिटांच्या ओळी आखलेला कोरा कागद द्यावा, आणि खुर्ची पडद्याकडे पाठ करून कुठे ठेवायची ते दाखवावे.